सेशेल्स बेटांवरील दयाळ

दयाळ पक्षी आपल्यापैकी बहुतेकांच्या कानांना परिचित असतो. नावाने ओळखणारे मात्र फार थोडे. शिशिर सरून उन्हाचे दिवस लागले, की पहाटेच्या अंधारात, कोंबड्याच्या बांगेच्याही आधी, घराच्या कौलांवरून किंवा विजेच्या तारेवरून एक स्वच्छ, लांबट शीळ ऐकू येऊ लागते. ती शीळ एका सुरावर थांबत नाही. वर जाते, वळण घेते, थबकते आणि नव्याच चालीने पुन्हा सुरू होते. हा गायक म्हणजे दयाळ. नर काळाभोर, पोट पांढरे, पंखावर पांढरा पट्टा आणि शेपटी सदा उभारलेली. मादी त्याच घडणीची, परंतु काळ्याच्या जागी करडी. गोव्याच्या कुळागरांत, बेळगावच्या परसांत, इंदूर-बडोद्याच्या बागांत तो सारख्याच विश्वासाने वावरतो. आपल्या शेजारच्या बांगलादेशाने तर त्याला राष्ट्रीय पक्ष्याचा मान दिलेला आहे.

श्रोतेहो, आज मला सांगावयाचे आहे ते ह्या दयाळाविषयी नव्हे, तर त्याच्या एका दूरच्या भाऊबंदाविषयी. हिंदी महासागरातील काही चिमुकल्या बेटांखेरीज जगात तो कोठेही नाही. आणि १९६५ साली तर तो जगातून जवळजवळ उठलाच होता. त्या वर्षी झालेल्या मोजदादीत ह्या जातीचे अवघे बारा ते पंधरा पक्षी भरले. एखाद्या लहानशा शाळेच्या एका वर्गातही ह्याहून अधिक मुले असतात.

ही बेटे म्हणजे सेशेल्स. मुंबईपासून नैर्ऋत्येस सुमारे सव्वातीन हजार किलोमीटर अंतरावर, विषुववृत्ताच्या किंचित खाली, ती समुद्रात विखुरलेली आहेत. मोजली तर शंभरावर भरतात, परंतु त्यांतील बरीचशी प्रवाळाची, पाण्याबाहेर जेमतेम डोके काढलेली आहेत. आपला पक्षी राहतो तो मधल्या, उंच आणि गर्द झाडीच्या बेटांच्या समूहात. माहे, प्रास्लँ आणि ला दीग ही त्यांतील मोठी बेटे. फ्रेंचांनी ती वसविली, इंग्रजांनी राखली आणि १९७६ साली ती स्वतंत्र झाली. नाव फ्रेंच, राज्यकारभाराच्या भाषांत इंग्रजीही, आणि घरोघरी बोलली जाते ती फ्रेंचमधूनच घडलेली क्रिओल भाषा. त्या भाषेत ह्या पक्ष्याला ‘पी सांतेझ’, म्हणजे गाणारी पी, असे म्हणतात.

ह्या मधल्या बेटांचा खडक हा भूगर्भशास्त्रज्ञांना फार दिवस कोड्यात टाकणारा विषय होता. महासागराच्या मध्यभागी असलेली बेटे सहसा ज्वालामुखीची किंवा प्रवाळाची असतात. माहे आणि तिच्या भोवतालची बेटे मात्र ग्रॅनाइटची आहेत आणि तो ग्रॅनाइट सुमारे पंचाहत्तर कोटी वर्षांचा आहे. ग्रॅनाइट हा खंडांचा खडक. तो समुद्राच्या मध्यावर आला कसा? उत्तर असे, की सेशेल्स हा एकेकाळी आपल्याच भूमीला जोडलेला तुकडा होता. सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी, ज्या सुमारास दख्खनच्या पठारावर लाव्ह्याचे थरावर थर साचत होते, त्याच सुमारास हा तुकडा हिंदुस्थानपासून सुटला. आपण उत्तरेकडे सरकत आशियाला जाऊन भिडलो, आणि तो मागे राहिला. देवगिरीचा किल्ला ज्या काळ्या पाषाणात कोरलेला आहे, त्या पाषाणाचा आणि सेशेल्सच्या एकाकीपणाचा जन्मकाळ असा जवळजवळ एकच आहे.

ह्याचा एक जिवंत पुरावाही आहे. २००३ साली केरळातील इडुक्की भागातून जांभळ्या रंगाच्या एका विचित्र, बटबटीत बेडकाचे वर्णन प्रसिद्ध झाले. वर्षातील बहुतेक दिवस तो जमिनीखाली काढतो. त्याचे सर्वांत जवळचे नातलग शोधू जाता ते सह्याद्रीत सापडले नाहीत. सापडले ते सेशेल्समध्ये, नखाएवढ्या चिमुकल्या बेडकांच्या रूपाने. बेडकाला खाऱ्या पाण्यातून पोहून जाता येत नाही. तेव्हा ही नातलग मंडळी भूमीबरोबरच वेगळी झाली, हे मानणे भाग पडते.

पक्ष्याची गोष्ट मात्र तशी नाही. हा मुद्दा मी मुद्दाम सांगतो, कारण दोन्ही गोष्टींची गल्लत सहज होते. दयाळ हा काही ह्या भूमीच्या तराफ्यावर बसून तेथे गेलेला नाही. बेटे अलग झाली तेव्हा आजच्यासारखे दयाळ पृथ्वीवर नव्हतेच. त्याचे पूर्वज पुष्कळ नंतर, समुद्र ओलांडून, कदाचित वादळाच्या वाऱ्याबरोबर येऊन पोहोचले असावेत. दयाळांच्या कुळाचा मोठा पसारा दक्षिण आशियात आहे आणि एक शाखा मादागास्करातही नांदते. आलेले थोडे पक्षी तेथे राहिले, वाढले आणि हजारो पिढ्यांनंतर इतके बदलले, की त्यांची जातच निराळी झाली. १८६५ साली आल्फ्रेड न्यूटन ह्या इंग्रज पक्षिशास्त्रज्ञाने, जे पुढे केंब्रिज विद्यापीठात प्राणिशास्त्राचे प्राध्यापक झाले, ह्या जातीला शास्त्रीय नाव दिले. नाव मिळाल्यापासून बरोबर शंभर वर्षांनी ती जात बारा-पंधरांवर आली, ह्याला योगायोगच म्हणावयाचे.

दिसावयास तो आपल्या दयाळाहून काहीसा मोठा, जवळजवळ वीतभर लांब. सर्व अंग काळेभोर. उन्हात त्यावर निळी झाक खेळते. पंखावर पांढरा ठिपका. नर आणि मादी ह्यांच्या रंगात भेद नाही, दोघेही काळे. आपल्या दयाळाचे पांढरे पोट येथे नाही. गाणे गोड, शिळेच्या धाटणीचे.

ह्या पक्ष्याचा जीवनक्रम समजून घेतल्याशिवाय त्याच्यावर ओढवलेला प्रसंग समजावयाचा नाही. तो झाडावर राहतो, परंतु पोट भरतो ते जमिनीवर. गर्द झाडाखाली, जेथे गवत-झुडूप फारसे वाढत नाही आणि कुजट पालापाचोळ्याचा थर पसरलेला असतो, तेथे तो उड्या मारीत फिरतो. पाने उलटतो आणि खालची झुरळे, गोमी, गांडुळे, अळ्या टिपतो. प्रसंगी एखादी लहान सापसुरळीसुद्धा. त्या जंगलातील जमिनीवरचे मोठे सस्तन प्राणी कोणी म्हणाल, तर एकही नाही. त्यांच्या जागी आहेत महाकाय कासवे. शंभर-दोनशे किलो वजनाचे असे कासव पाचोळ्यातून फरफटत निघाले, की खालचे किडे सैरावैरा धावतात, आणि दयाळ त्याच्या मागोमाग चालत ते वेचीत राहतो. नांगरामागे बगळे चालावेत, तसाच हा प्रकार. पुढे माणसे आली आणि पाने झाडू लागली, माती खणू लागली, तेव्हा हा पक्षी त्यांच्याही मागे तितक्याच निःशंकपणे चालू लागला. त्याच्या दृष्टीने माणूस हे एक दोन पायांचे कासवच!

त्याला दुसरा हात होता तो समुद्रपक्ष्यांचा. ह्या बेटांवर लाखो सुरय आणि तत्सम समुद्रपक्षी घरटी करण्यास येतात. पिलांसाठी आणलेल्या मासळीतील काही त्यांच्या चोचीतून निसटून खाली पडते. फुटलेली अंडी पडतात. हा सगळा खाऊ दयाळाला आयता मिळतो. शिवाय त्या पक्ष्यांच्या विष्ठेचे खत जमिनीत मुरते, त्यावर पाचोळ्यातील कीटकसृष्टी पोसते आणि ती पुन्हा दयाळाच्या पोटात जाते. समुद्रातील मासा आणि रानातील गाणारा पक्षी ह्यांच्यामध्ये अशी एक साखळी आहे. समुद्रपक्षी नाहीसे झाले, तर रानही हळूहळू उपाशी पडते.

आता त्याच्या संसाराविषयी. आपला दयाळ एका वेळी चार-पाच अंडी घालतो. सेशेल्सचा दयाळ घालतो एक. झाडाच्या ढोलीत किंवा माडाच्या शेंड्यात घरटे, त्यात एक अंडे आणि त्या एका पिलावर आईबापांची दीर्घकाळ मेहनत. पिलू मोठे झाले, तरी लगेच घर सोडीत नाही. प्रत्येक जोडप्याची आपापली हद्द ठरलेली असते आणि सर्व चांगल्या हद्दी अगोदरच व्यापलेल्या असतात. मग तरुण पक्षी आईबापांच्याच हद्दीत दुय्यम नात्याने राहतो आणि जागा रिकामी होण्याची वाट पाहतो. एकत्र कुटुंबाची ही पद्धत आपल्याला परकी वाटण्याचे कारण नाही.

एकच अंडे, दीर्घ संगोपन, दाटीवाटीचे कुटुंब: ह्याचा अर्थ असा, की ह्या बेटांवर पक्ष्याला मोठा शत्रूच नव्हता. शत्रू नसला की पुष्कळ पिले घालण्याची निकड राहत नाही. उलट थोड्या जागेत थोडी पण कसदार संतती अधिक टिकते. लक्षावधी वर्षे हा हिशेब बरोबर होता. मात्र ज्या दिवशी शत्रू बेटावर उतरेल, त्या दिवशी तोच हिशेब पक्ष्याच्या मुळावर यावयाचा होता. पन्नास पक्ष्यांतील दहा गेले, तर आपला दयाळ एकाच हंगामात ती तूट भरून काढील. सेशेल्सच्या दयाळाला त्यासाठी अनेक वर्षे लागतात.

शत्रू उतरला तो १७७० नंतर. त्या वर्षी फ्रेंच वसाहतवाले आपल्या गुलामांसह येथे राहावयास आले. त्यापूर्वी ह्या बेटांवर माणसाची वस्ती नव्हती. गलबतांबरोबर उंदीर आले. उंदरांचा उपद्रव वाढला म्हणून मांजरे आणली. मांजराला चपळ उंदरापेक्षा जमिनीवर निर्धास्त उड्या मारणारा, माणसाच्या पायांत घोटाळणारा पक्षी पकडणे केव्हाही सोपे. जंगले तोडून माडांच्या बागा झाल्या, कारण खोबऱ्याला भाव होता. दालचिनीचीही लागवड झाली. माडाच्या बागेत सावली असते, परंतु तो जुना पाचोळा आणि त्या जुन्या ढोली नसतात. गाणारा पक्षी म्हणून काही दयाळ पिंजऱ्यातही गेले.

उपायातून अपाय कसा निघतो, ह्याची सेशेल्समध्ये उदाहरणे हवी तितकी आहेत. उंदरांसाठी मांजर हे एक झाले. गेल्या शतकाच्या मध्यास त्याच उंदरांसाठी आफ्रिकेतून गव्हाणी घुबडे आणून सोडण्यात आली; त्यांनी उंदरांकडे पाठ फिरवून शुभ्र सुरयांवर ताव मारला. आणि तिसरे उदाहरण आपल्याला थोडे ओशाळवाणे वाटण्यासारखे आहे. ती आपली साळुंकी. टोळांचा बंदोबस्त करण्यासाठी अठराव्या शतकात ती हिंदुस्थानातून मॉरिशस आणि रेयुनियों बेटांवर नेली गेली आणि त्या बाजूने सेशेल्सलाही पोहोचली. आपल्या अंगणात ती एक गोड भांडखोर शेजारीण आहे. तेथे ती दयाळाच्या ढोली बळकावते, घरट्यांत शिरते, अंड्यांची नासधूस करते. एका अंड्याच्या घरट्याला एवढा उपद्रव पुरेसा होतो.

अशा रीतीने एकामागून एक बेट रिकामे होत गेले. माहेवर, प्रास्लँवर, ला दीगवर जो पक्षी घरादारांत फिरत असे, तो विसाव्या शतकात तेथून नाहीसा झाला. ह्याच बेटांवरचा एक हिरवा पोपट त्याच्याही आधी कायमचा गेला होता. मॉरिशसच्या डोडोची कथा आपण शाळेत शिकवितो. तो सतराव्या शतकात संपला. परंतु डोडोची कथा ही काही एकदाच घडून गेलेली दुर्घटना नव्हे. पुढील तीनशे वर्षे ती ह्या समुद्रात बेटाबेटांवर घडतच होती. फक्त पात्रांची नावे बदलत होती.

उरले एक बेट. त्याचे नाव फ्रेगात. क्षेत्रफळ सुमारे दोन चौरस किलोमीटर. आपल्याकडील एखाद्या मध्यम गावाच्या शिवारापेक्षाही लहान. तेथेही माडांची बाग होती, मांजरे होती. तरी पक्षी तगला, कारण एक गोष्ट तेथे नव्हती: उंदीर. १९६५ साली मोजलेले ते बारा-पंधरा पक्षी ह्याच बेटावरचे.

ह्यानंतर प्रयत्न सुरू झाले आणि आकडा हळूहळू चढला. १९७७ साली एक्केचाळीस पक्षी भरले. दशकाच्या अखेरीस काही पक्षी आरीद नावाच्या दुसऱ्या बेटावर नेण्याचा यत्न झाला, तो फसला. फ्रेगातवरची संख्याही पुन्हा उतरली. मांजरांनी डोके वर काढले होते; १९८२ पर्यंत ती बेटावरून पूर्णपणे नाहीशी करण्यात आली. आता पक्षी भराभर वाढावयास हवे होते, नाही का? परंतु ते वाढले नाहीत. १९९० साल उजाडले, तरी बेटावर वीस-बावीसच दयाळ होते.

मला ह्या सगळ्या हकिकतीत हाच भाग सर्वांत विचार करण्यासारखा वाटतो. शत्रू दूर केला की मित्र आपोआप सुखी होईल, असे आपण सहज गृहीत धरतो. येथे मांजर गेले, तरी पक्षी अडलेलाच होता. तेव्हा १९९० पासून पक्षिसंरक्षण करणाऱ्या आंतरराष्ट्रीय संस्थेने, जिचे नाव पुढे बर्डलाइफ इंटरनॅशनल असे झाले, फ्रेगातवर माणसे ठेवून एकेका पक्ष्याचा अभ्यास आरंभिला. प्रत्येकाच्या पायात रंगीत कडी घातली, म्हणजे दुरूनही ओळख पटावी. कोण कोणत्या हद्दीत राहतो, किती वेळा अंडे घालतो, पिलाला दर तासाला किती घास मिळतात, हे टिपून ठेवले.

उत्तर एका शब्दात मिळाले नाही. चार-पाच अडचणी एकमेकींत गुंतलेल्या होत्या. जुनी झाडे गेल्यामुळे ढोली कमी होत्या. ज्या ढोली होत्या, त्यांवर साळुंक्यांची नजर होती. पाचोळ्याची मोकळी जमीन कमी झाल्यामुळे पोटभर किडे मिळत नव्हते. झुरळे मारण्यासाठी माणसे जी औषधे फवारीत, त्यांनी पक्ष्याच्या अन्नावरच घाला पडत होता. ह्यांतील प्रत्येक अडचण एकटी पाहिली तर क्षुल्लक. एकत्र आल्या की एका अंड्याचे पिलू वाढेना.

मग उपायही तसेच चहूबाजूंनी करावे लागले. लाकडी पेट्या करून झाडांवर बांधल्या आणि दयाळांनी त्या घरट्यांसाठी स्वीकारल्या. साळुंक्यांना घरट्यांपासून दूर ठेवले. जेथे अन्न तोकडे होते, तेथे वरून खाऊ घातला. देशी झाडे लावली. औषधांच्या फवारणीला आळा घातला. चार-पाच वर्षांत पक्ष्यांची संख्या जवळजवळ दुप्पट झाली. ह्या कामात चमत्कार कोठेही नव्हता. होती ती रोजची नोंदवही आणि चिकाटी.

तथापि सगळी अंडी एकाच टोपलीत ठेवणे शहाणपणाचे नव्हते. एखादी साथ, एखादे वादळ किंवा किनाऱ्याला लागलेले एखादे गलबत पुरेसे होते. म्हणून १९९४-९५ साली काही पक्षी कूझँ आणि कूझीन ह्या दोन शेजारच्या बेटांवर नेण्यात आले. फ्रेंचमध्ये ह्या नावांचा अर्थ चुलतभाऊ आणि चुलतबहीण असा होतो. दोन्ही बेटांवर उंदीर कधी पोहोचलेले नव्हते. कूझँ बेटाचा पूर्वेतिहासही उल्लेखनीय आहे. १९६८ साली वर सांगितलेल्या संस्थेने ते केवळ एका चिमुकल्या वटवट्या पक्ष्यासाठी विकत घेतले होते. त्या जातीचे तिसाच्या आत पक्षी तेव्हा उरले होते आणि तेही फक्त त्या एका बेटावर. माडांची बाग काढून तेथे जुने रान परत येऊ दिले आणि तो वटवट्या सुधारला. आज त्याची गणना हजारांत होते. त्या परत आलेल्या रानातच आता दयाळाला घर मिळाले.

शहाणपण किती वेळेवर सुचले होते, हे लगेच दिसून आले. १९९५ साली, जिची भीती होती तीच गोष्ट घडली: फ्रेगातवर उंदीर दिसला. बेटावर त्या वेळी विश्रामगृहाच्या उभारणीचे काम चालू होते आणि सामानाची ने-आण वाढली होती. जातही साधी नव्हे, मोठी तपकिरी घूस-उंदराची. दोनशे वर्षे जे बेट उंदरांवाचून राहिले, त्यावर ते बघता बघता पसरले.

विष घालून उंदीर मारता येतात. पण येथे एक पेच होता. ते विष झुरळेही खातात. झुरळाला त्याने काही होत नाही. परंतु अशी झुरळे खाणाऱ्या दयाळाला मात्र ते बाधते. म्हणजे उंदीर राहिले तर पक्षी मरणार आणि उंदीर मारावयास गेले तरीही पक्षी मरणार. २००० साली ह्यातून जो मार्ग काढला, तो ऐकून मला बायबलातील नोहाच्या तारवाची आठवण झाल्यावाचून राहिली नाही. फ्रेगातवरील दयाळ पकडून पिंजऱ्यांत सुरक्षित ठेवण्यात आले. त्यानंतर हेलिकॉप्टरमधून सबंध बेटावर विषारी आमिष टाकले, कारण दोन चौरस किलोमीटरांत एक जोडी जरी जिवंत राहिली असती, तरी सारे श्रम वाया गेले असते. उंदीर संपले आणि विषाचा प्रभाव ओसरला, तेव्हा पिंजऱ्यांची दारे उघडण्यात आली. तारवात सर्वच पक्षी काही सुखरूप राहिले नाहीत. रानातल्या जिवाला कोंडणे हे नेहमीच धोक्याचे असते. परंतु जात वाचली. त्याच मोहिमेत डेनिस बेटही उंदरांपासून मुक्त करण्यात आले.

पुढील वाटचाल थोडक्यात सांगतो. २००२ साली आरीद बेटावर पुन्हा पक्षी नेले आणि ह्या वेळी ते टिकले. २००८ साली डेनिसवर वसाहत झाली. तत्पूर्वी २००५ मध्ये ह्या जातीचे नाव अतिसंकटग्रस्त ह्या यादीतून एक पायरी खाली, संकटग्रस्त ह्या यादीत आले. शाळेच्या भाषेत सांगावयाचे, तर उत्तीर्ण नव्हे, परंतु वरच्या वर्गात बसण्याची परवानगी!

ह्या प्रयत्नांवर आक्षेप घेणारेही आहेत आणि त्यांचे म्हणणे हसण्यावारी नेण्यासारखे नाही. एक पक्षी वाचविण्यासाठी हजारो उंदीर, मांजरे, साळुंक्या मारावयाच्या, हा कोणता न्याय? साळुंकीने काय अपराध केला? तिला तेथे नेले ते माणसाने. मला ह्या प्रश्नाचे उत्तर असे वाटते, की मांजराचा, उंदराचा वा साळुंकीचा अपराध कोणीही मानलेला नाही. प्रश्न अपराधाचा नसून परत न येणाऱ्या गोष्टीचा आहे. साळुंकी एका बेटावरून गेली, तरी पृथ्वीवर कोट्यवधी साळुंक्या आहेत. आपल्या खिडकीत आज सकाळीही त्या भांडून गेल्या असतील. फ्रेगातवरचा शेवटचा दयाळ गेला असता, तर पृथ्वीवरचाच गेला असता. परंतु म्हणून मारण्याच्या कामात निष्काळजीपणा खपवून घ्यावा, असे मात्र नव्हे. तो प्राणीही वेदना जाणतो, आणि हे काम कमीत कमी यातनांनी व्हावे, हा आग्रह धरणे योग्यच आहे.

दुसरा आक्षेप अधिक सूक्ष्म आहे. पेट्यांत अंडी घालणारा, माणसाने घातलेला खाऊ खाणारा, पायात कडी असलेला पक्षी हा रानपक्षी राहिला काय? त्याला कोंबडीचे रूप आले नाही काय? ह्या शंकेत तथ्य आहे, आणि ती कार्यकर्त्यांनाही होती. म्हणूनच वरून खाऊ घालणे हा तात्पुरता उपाय मानण्यात आला आणि जेथे रान पुरेसे सावरले, तेथे तो थांबविण्याकडे कल ठेवला गेला. खरे औषध पेटी नसून पेटीची गरज लागू न देणारे जुने झाड आहे. मात्र झाडाला ढोल पडावयास कित्येक दशके लागतात, आणि अंडे तर ह्याच हंगामात घालावयाचे असते.

आज फ्रेगात, कूझँ, कूझीन, आरीद आणि डेनिस ह्या बेटांवर मिळून सुमारे तीनशे पक्षी आहेत. हे सर्व त्या १९६५ सालच्या बारा-पंधरा पक्ष्यांचे वंशज. सगळेच एकमेकांचे नातलग. त्यामुळे रक्ताची विविधता थोडी आणि एखादा नवा रोग आला तर सर्वांनाच सारखा. शिवाय लहान बेटांची मर्यादा लवकर गाठली जाते. कूझँ आणि कूझीन ही तर तीस हेक्टरांच्या आतली बेटे. तेथील हद्दी भरल्या, की तरुण पक्षी दुय्यम नात्याने बसून राहतात. म्हणून अधूनमधून काही तरुण पक्षी एका बेटावरून दुसऱ्या बेटावर हलवावे लागतात. वधूवरांची स्थळे पाहावीत, त्याप्रमाणे कोणत्या कुळातील पक्षी कोठे न्यावा, ह्याचाही विचार नोंदवह्या पुढे ठेवून करावा लागतो.

ज्या बेटांवर हे दयाळ राहतात, तेथे बाहेरून येणाऱ्या सामानाची पेटी उघडण्यापूर्वी तीत उंदीर नाही, ह्याची खात्री करून घेण्याचा दंडक आहे. धान्याचे पोते असो, बांधकामाचे सामान असो, वा पाहुण्याची पिशवी. फ्रेगातच्या अनुभवानंतर ह्याचे महत्त्व कोणाला पटवून द्यावे लागत नाही. तपासणी आटोपून पाहुणा किनाऱ्यावरून झाडीत शिरला, की थोड्याच वेळात एखादा काळा पक्षी फांदीवरून खाली उतरतो, त्याच्या बुटांपासून दोन हातांवर येऊन उभा राहतो आणि त्याने पाऊल उचलून पाने हलविण्याची वाट पाहतो.